विकिपीडियावरचा फेरफार अर्ज

चाकणजवळ गाड्यांचे गिअर बनवणारी एक कंपनी आहे असे समजा. चाळीसेक वर्षांची, शेअर बाजारात नोंदलेली. इंग्रजी विकिपीडियावर तिच्याबद्दल आठ परिच्छेदांचा लेख आहे. त्यात व्यवस्थापकीय संचालकांचे नाव जुने आहे, कामगारांचा आकडा पाच वर्षांपूर्वीचा आहे आणि शेवटचा परिच्छेद एका संपाबद्दल आहे. हा परिच्छेद साहेबांना मुळीच आवडत नाही. सोमवारी सकाळी ते जनसंपर्क विभागातल्या मुलीला बोलावतात. "अगं, आपलं ते विकिपीडियाचं पेज जरा नीट करून टाक. दुपारपर्यंत होईल ना?"

"सर, ते आपलं पेज नाहीये," ती म्हणते. "आपल्याबद्दलचं आहे."

साहेबांना हा शब्दांचा खेळ वाटतो. त्यांना समजावायचे तर गावाकडे जावे लागेल.

सातबाऱ्यावर नाव तुमचे असते, पण त्या उताऱ्यावर स्वतःच्या हाताने एक अक्षर खरडता येत नाही. जमीन विकत घेतली, वारस लागले, सोसायटीचा बोजा चढला किंवा उतरला, तरी तलाठ्याकडे जावे लागते. तो गाव नमुना ६ मध्ये फेरफाराची नोंद धरतो, चावडीवर नोटीस लावतो, संबंधितांना कळवतो, हरकतीसाठी १५ दिवस थांबतो आणि मग मंडळ अधिकारी ती नोंद मंजूर किंवा नामंजूर करतो. विकिपीडियावर कंपनीच्या माणसाने बदल मागायची रीत बरीचशी अशीच आहे. मराठी विकिपीडियावर सदस्यांच्या सार्वजनिक चर्चेच्या पानाला तर नावच ‘चावडी’ आहे. मात्र तलाठ्याला पगार असतो. विकिपीडियावर तुमचा अर्ज वाचणाऱ्याला कोणी दमडीही देत नाही. दिवसभराची नोकरी करून, जेवणबिवण उरकून रात्री अकराला तो संगणकापुढे बसलेला असतो. पुढचे निम्मे शहाणपण एवढ्या एका गोष्टीतून निघते.

पण ‘संपादन’ हे बटण तर सगळ्यांनाच दिसते. मग कंपनीनेच ते का दाबू नये? कारण पूर्वी ते खूप दाबले गेले. २००७ च्या ऑगस्टमध्ये व्हर्जिल ग्रिफिथ नावाच्या अमेरिकन विद्यार्थ्याने ‘विकिस्कॅनर’ हे साधन लोकांपुढे ठेवले. खाते न उघडता केलेल्या संपादनांमागे तेव्हा आयपी पत्ता उघड राहत असे. तो पत्ता कोणत्या संस्थेच्या जाळ्यातला, हे त्यातून शोधता येई. मतदान यंत्रे बनवणाऱ्या डीबोल्ड कंपनीच्या जाळ्यातून कोणीतरी त्या यंत्रांवरच्या टीकेचे परिच्छेदच्या परिच्छेद उडवले होते, हे तेव्हा उघड झाले. मग हे काम पैसे घेऊन करून देणारे निघाले. टेक्सासमधल्या विकी-पीआर या कंपनीने शेकडो बनावट खात्यांतून गिऱ्हाइकांचे लेख सजवले होते. २०१३ मध्ये विकिपीडिया चालवणाऱ्या विकिमीडिया फाउंडेशनने तिला कायदेशीर नोटीस धाडली. अशा बनावट खात्यांना तिकडे ‘सॉकपपेट’ म्हणतात. हातात मोजा चढवून नाचवलेली बाहुली, बोलणारा एकच.

आपल्याकडचे उदाहरण जास्त बोचरे आहे. इंडियन इन्स्टिट्यूट ऑफ प्लॅनिंग अँड मॅनेजमेंट, म्हणजे आयआयपीएम, या संस्थेच्या जाहिराती ज्यांना आठवतात त्यांना तिच्याभोवतीचे वादही आठवत असतील. विकिपीडियावरच्या तिच्या लेखात टीकेला कात्री आणि कौतुकाला जागा, असे झुकते लेखन एक सदस्य वर्षानुवर्षे करत होता. आणि तो साधा सदस्य नव्हता, प्रचालक (अ‍ॅडमिन) होता. २०१५ च्या फेब्रुवारीत इंग्रजी विकिपीडियाच्या लवाद समितीने त्याच्यावर बंदी घातली. मधल्या काळात तो लेख वाचून ज्यांनी फी भरली असेल, त्यांना त्या बंदीचा काय उपयोग? कंपनीच्या माणसाला आडमार्गाने लिहू देऊ नये यामागचे खरे कारण मला इथे दिसते. वाचणाऱ्याला ते तटस्थ वाटते आणि तो त्यावर पैसे लावतो.

या साऱ्याचा निचोड २०१४ च्या जूनमध्ये नियमात आला. विकिमीडियाच्या वापर अटींत असे घातले गेले, की मोबदला घेऊन संपादन करणाऱ्याने तीन गोष्टी उघड केल्याच पाहिजेत: पगार कोण देतो, काम कोणासाठी चालले आहे आणि आपला त्यात संबंध काय. त्याच महिन्यात एडलमन, ऑगिल्वी, केचम यांसारख्या बड्या जनसंपर्क कंपन्यांनीही आपण हे नियम पाळू असे जाहीर पत्रक काढले. उघड करणे हे बंधनकारक. त्यापुढे इंग्रजी विकिपीडियाचा सल्ला असा, की उघड केल्यावरही लेखाला थेट हात लावू नका. लेखाशेजारच्या चर्चा पानावर बदल मागा, करायचा की नाही ते दुसरा कोणी ठरवेल.

तर मुलीने सुरुवात करायची ती इथून.

आधी खाते. कंपनीचे नुसते नाव घेऊन खाते उघडले तर ते बंद होते, कारण खाते माणसाचे हवे, विभागाचे नको. आज तुम्ही, उद्या तुमच्या जागी आलेला दुसरा, असे चालत नाही. ‘अमुक गिअर्समधली तमुक’ अशा धर्तीचे नाव मात्र चालते. जर्मन विकिपीडियाची रीत निराळी आहे. तिथे कंपनीच्या अधिकृत ईमेलवरून ओळख पटवली की कंपनीच्या नावाचे खाते चालते. मला ती रीत जास्त सरळ वाटते, पण आपल्या मुलीला इंग्रजीत काम आहे.

मग कबुली. स्वतःच्या सदस्य पानावर दोन ओळी: मी या कंपनीत नोकरीला आहे, या लेखाबाबत मी कंपनीच्या वतीने लिहिते. लेखाच्या चर्चा पानावरही तीच नोंद. पुष्कळांना इथे घाम फुटतो. आपण कंपनीचे म्हणून सांगितले तर कोण ऐकणार? अनुभवी संपादकांचे वागणे पाहिले तर उलटेच दिसते. नाव-गाव सांगून आलेल्या माणसाशी ते सभ्यपणे बोलतात. नाव लपवून आलेल्याचा वास त्यांना दोन वाक्यांत येतो, आणि मग त्याच्या खऱ्या दुरुस्त्यांवरही कोणी विश्वास ठेवत नाही.

एक सवलतही आहे. लेखात कोणी शिव्या लिहून ठेवल्या असतील, उघड नासधूस केली असेल, शुद्धलेखनाची चूक असेल किंवा एखाद्या जिवंत व्यक्तीबद्दल बिनबुडाचा बदनामीकारक मजकूर असेल, तर कंपनीच्या माणसाने तो लगेच काढला तरी कोणी हरकत घेत नाही. बाकी सगळ्यासाठी अर्ज.

अर्ज म्हणजे चर्चा पानावर लिहिलेला मजकूर, ज्याच्या डोक्यावर ठरावीक साचा लावायचा असतो. साचा लावला की विनंती हितसंबंधी लोकांच्या अर्जांच्या रांगेत जाऊन उभी राहते आणि त्या रांगेवर नजर ठेवणाऱ्यांना दिसते. साचा विसरलात तर तुमचे म्हणणे त्या पानावर वर्षभर धूळ खात पडेल. कोणाच्या ते गावीही नसेल.

आता मजकूर. पहिला खर्डा आपली मुलगी असा करते: "कृपया आमचे पान अद्ययावत करावे. नवीन मजकूर सोबत देत आहोत." खाली तीन पाने. त्यात कंपनी ‘अग्रगण्य’ आहे, ‘ग्राहककेंद्री’ आहे, तिच्याकडे ‘जागतिक दर्जाची उपाययोजना’ आहे. रात्री अकराला बसलेला तो माणूस हे वाचायला लागतो आणि दुसऱ्या परिच्छेदाला पान बंद करतो. त्याला जुना लेख आणि नवा मजकूर ओळीओळीने ताडून पाहावा लागणार, प्रत्येक दाव्याला आधार शोधावा लागणार, आणि काही चुकले तर लेखाच्या इतिहासात नाव त्याचे लागणार. शिवाय हा मजकूर कंपनीच्या संकेतस्थळावरून जसाच्या तसा उचललेला असेल तर तो प्रताधिकाराचा भंग ठरतो. विकिपीडियाचा मजकूर कोणालाही वापरायला मोकळा असतो. ‘सर्व हक्क राखीव’ असे खाली छापलेला मजकूर तिथे घालता येत नाही, मग तो तुमचाच का असेना.

दुसरा खर्डा बघा.

"माहितीचौकटीत व्यवस्थापकीय संचालक म्हणून ‘क्ष’ यांचे नाव आहे. ते बदलून ‘य’ करावे. आधार: शेअर बाजाराला कंपनीने अमुक तारखेला दिलेली सूचना, दुवा सोबत. कारण: संचालक बदलले."

चार ओळी. आत्ता काय आहे, काय हवे, कशावरून, आणि का. वाचणाऱ्याने दुव्यावर टिचकी मारायची, नाव जुळते का पाहायचे, बदल करायचा. पाच मिनिटांत विषय संपला. असा एक बदल म्हणजे एक विनंती. दहा बदल हवे असतील तर सुटे सुटे मागावेत, म्हणजे नऊ मंजूर होऊन एक अडकला तरी नऊ अडत नाहीत. सातबाऱ्याच्या कज्ज्यातही जाणता माणूस वारसाची नोंद आणि हद्दीचा वाद एकाच अर्जात घालत नाही.

आधाराबद्दल थोडे थांबायला हवे, कारण बहुतेक अर्ज तिथेच मरतात. संचालकांचे नाव, स्थापनेचे वर्ष, मुख्यालयाचा पत्ता अशा साध्या, वाद नसलेल्या गोष्टींसाठी कंपनीची स्वतःची कागदपत्रे चालतात. नोंदलेल्या कंपनीला संचालक बदलला की सेबीच्या नियमांनुसार शेअर बाजाराला कळवावेच लागते, तेव्हा हा कागद आयताच मिळतो. बाजारमूल्याने पहिल्या हजारांत बसणारी कंपनी असेल तर वार्षिक अहवालासोबतच्या जबाबदारी व शाश्वतता अहवालात कर्मचारी आणि कामगारांचे आकडे द्यावे लागतात. कामगारसंख्येचा आधार तिथे आहे.

पण ‘देशातली सर्वांत मोठी’, ‘पहिली’, ‘पुरस्कारप्राप्त’ असे काही म्हणायचे असेल तर कंपनीच्या तोंडचे चालत नाही. कंपनीशी लागेबांधे नसलेल्या कोणीतरी, स्वतःच्या अकलेने, सविस्तर लिहिलेले हवे. इथे मुलगी उत्साहाने कपाटातून कात्रणांची जाडजूड फाइल काढते. त्यातली सहा कात्रणे एकाच प्रसिद्धिपत्रकाची. वाक्येही तीच, फक्त मथळे वेगळे. चार कात्रणांच्या तळाशी बारीक अक्षरांत ‘ब्रँड फीचर’ असे काहीतरी. दोन मुलाखती, त्यांत साहेब स्वतःच स्वतःबद्दल बोललेले. फाइल पाव इंचावर येते.

आणि उरलेल्या पाव इंचाकडेही संपादक संशयाने बघतात, याचे मूळ आपल्याच अंगणात आहे. २००९ च्या महाराष्ट्र विधानसभा निवडणुकीत वेगवेगळ्या वृत्तपत्रांत उमेदवारांची स्तुती शब्दशः तीच छापून आल्याचे पी. साईनाथ यांनी उजेडात आणले. पुढच्या वर्षी भारतीय प्रेस कौन्सिलने पेड न्यूजवर अहवाल दिला. इंग्रजी विकिपीडियाच्या बातमीस्रोतांविषयीच्या मार्गदर्शनात भारतीय वृत्तसंस्थांसाठी स्वतंत्र इशाराच आहे, की इथे जाहिरात आणि बातमी यांची सरमिसळ फार आहे, तपासून घ्या. एखाद्या प्रामाणिक वार्ताहराने कंपनीवर खरोखर मेहनत घेऊन लिहिलेला लेखही त्यामुळे दोनदा गाळणीतून जातो. हे अन्यायाचे आहे, पण अकारण नाही.

राहिला संप. साहेबांचे म्हणणे, तो परिच्छेद काढून टाका. हा अर्ज लिहिण्यात अर्थ नाही. संप झाला होता, दोन वृत्तपत्रांनी त्यावर स्वतः जाऊन लिहिले होते, परिच्छेदाला दोन्हींचे दुवे आहेत. मजकूर खरा आणि साधार असेल तर ‘आम्हाला बरे वाटत नाही’ हे काढण्याचे कारण होत नाही. उलट असा अर्ज आला की तो परिच्छेद आणखी चार जणांच्या पहाऱ्याच्या सूचीत जातो.

मागता येण्यासारखे मात्र बरेच असते. मुलगी जुने अंक चाळते तेव्हा तिला दिसते, की संप करार होऊन मिटला होता आणि त्याचीही बातमी आली होती. लेखात ती नाही. मग काढण्याऐवजी भर मागायची: "संपाच्या परिच्छेदाच्या शेवटी, करार होऊन काम पुन्हा सुरू झाल्याचे एक वाक्य घालावे. आधार: अमुक वृत्तपत्र, तारीख, पान." तारीख किंवा कामगारांचा आकडा चुकला असेल तर तो दाखवायचा. आणि चाळीस वर्षांच्या कंपनीवरच्या आठ परिच्छेदांपैकी पाच एकाच संपाचे असते, तर प्रमाण बिघडले आहे असाही मुद्दा मांडता आला असता. विकिपीडियाच्या धोरणात त्याला जागा आहे. इथे एकच परिच्छेद आहे. तो राहणार.

"मग वकिलांकडून नोटीस पाठवू का?" साहेब विचारतात.

चर्चा पानावर ‘कोर्टात खेचू’ असे लिहिले की खाते बंद होते. धमकी मागे घेईपर्यंत उघडत नाही. कोर्टात जायचा हक्क कोणी काढून घेत नाही, पण एका हाताने खटला आणि दुसऱ्याने संपादन असे चालू देत नाहीत. खुद्द कोर्टात काय होते याचा नमुना ताजा आहे. एएनआय या वृत्तसंस्थेने आपल्यावरच्या लेखातल्या मजकुराबद्दल २०२४ च्या जुलैमध्ये दिल्ली उच्च न्यायालयात विकिमीडिया फाउंडेशनविरुद्ध २ कोटी रुपयांचा बदनामीचा दावा लावला. मग त्या दाव्यावरच विकिपीडियात स्वतंत्र लेख झाला. तो लेख हटवायचा आदेश उच्च न्यायालयाने दिला आणि ९ मे २०२५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश रद्द केला.  दाव्यात कोणाची बाजू खरी, हा न्यायालयाचा विषय. पण तक्रार होती काही वाक्यांची, आणि त्यापायी ती वाक्ये देशभरच्या वर्तमानपत्रांत छापून आली.

तिसरा एक रस्ता फोनवरून येतो. "मॅडम, आम्ही विकिपीडियाचे सीनियर एडिटर, तुमचं पेज गॅरंटीने करून देतो." २०१५ मध्ये असेच एक जाळे सापडले, पहिल्या खात्याच्या नावावरून त्याला ‘ऑरेंजमूडी’ म्हणतात. छोट्या व्यावसायिकांचे नाकारलेले लेख हेरायचे, त्यांना गाठून पैसे घेऊन लेख लावून द्यायचा आणि पुढे तो ‘सुरक्षित ठेवण्यासाठी’ दरमहा रक्कम मागायची. ३८१ खाती बंद झाली, २१० लेख काढले गेले, आणि पैसे मोजलेल्यांच्या हाती काही उरले नाही. फोनवर गॅरंटी देणाऱ्याला फक्त त्याचे खातेनाव विचारावे. बहुतेक वेळा फोन तिथेच कटतो.

मराठी विकिपीडियावर लेख असेल तर? मराठी विकिपीडिया १ मे २००३ पासून आहे, आणि हितसंबंध उघड करण्याचा तो मूळ नियम तिथेही लागू आहे. पण लिहिते हात थोडे आहेत. चर्चा पानावर विनंती लिहावी आणि काही दिवसांनी चावडीवर नम्रपणे आठवण द्यावी. एवढ्याने काम होऊ शकते. भाषा मात्र तीच ठेवावी: काय आहे, काय हवे, कशावरून.

अर्ज दाखल झाल्यावर वाट पाहायची. कधी आठवड्यात उत्तर येते, कधी काही महिने जातात. दर दोन दिवसांनी ‘कृपया लक्ष द्यावे’ लिहिल्याने रांग पुढे सरकत नाही. साहेब दर सोमवारी विचारतात आणि मुलगी दर सोमवारी "अजून नाही, सर" म्हणते. मधल्या वेळात तिने एक चांगले काम करून ठेवले: कारखान्याची कंपनीनेच काढलेली दोन छायाचित्रे, छायाचित्रकाराची आणि कंपनीची लेखी परवानगी घेऊन, मुक्त परवान्याखाली विकिमीडिया कॉमन्सवर चढवली. विकिपीडियावर छायाचित्रांची नेहमीच वाण असते.

सातव्या आठवड्यात उत्तर येते. संचालकांचे नाव: केले. कामगारसंख्या: केली, पुढे वर्ष घालून. संपाचा करार: केला, पण संपादकाच्या स्वतःच्या शब्दांत, मुलीच्या वाक्यापेक्षा कोरडा. साहेबांच्या आग्रहाखातर शेवटी जोडलेले ‘अग्रगण्य’: नाही केले. आणि खाली एक ओळ, की लेख वाचताना पहिल्या परिच्छेदात ‘आशियात असे गिअर बनवणारी पहिली कंपनी’ असे बिनआधाराचे वाक्य दिसले, ते काढले आहे.

ते वाक्य दहा वर्षे तिथे होते. साहेबांनी ते भाषणांत वापरले होते, दिवाळीच्या भेटकार्डावर छापले होते.

"हे काढायला कोणी सांगितलं?"

"कोणीच नाही, सर. अर्ज आला म्हणून त्यांनी लेख उघडला, उघडला तेव्हा दिसलं."

"परत घालता येईल?"

"आधार मिळाला तर. आपला नको, बाहेरचा."

साहेब बराच वेळ गप्प राहतात. मग त्यांना आठवते, की कारखाना सुरू झाला त्या वर्षी पुण्याच्या एका दैनिकात त्याबद्दल काहीतरी आले होते. कात्रण मोठ्या साहेबांनी जपून ठेवले होते, बहुधा जुन्या इमारतीतल्या रेकॉर्ड रूममध्ये. मुलगी किल्ली मागून घेते.